सोमाजीचा उसना आवाज

सोमाजीचा आवाज गेला तेव्हा गावाने चारचौघांत हळहळ व्यक्त केली आणि घरी जाऊन सुटकेचा श्वास सोडला.

तसा आवाज सावली तालुक्याच्या साऱ्या मुलखात दुसरा नव्हता. तलावाच्या पाळीवर उभा राहून तो मासळीचा भाव पुकारू लागला की पलीकडच्या काठाला शिंगाडे तोडणाऱ्या बाया मान वर करून पाहत. पण भाव पुकारणे हा त्या आवाजाचा जोडधंदा होता. मुख्य उद्योग माणसे सोलण्याचा. गावातले एकही घर त्याने टोपणनावाशिवाय सोडले नव्हते, आणि त्याने दिलेले नाव आईबापांनी ठेवलेल्या नावापेक्षा चिवट निघे. मच्छीमार संस्थेचा अध्यक्ष धनराज हा 'जळू' होता. म्हातारा लटारू 'अर्धी बिडी' होता. आणि पियुष 'मुका' होता.

पियुष मुका नव्हता. शब्द त्याच्याजवळ होते, पुष्कळ होते. पण बाजाराहून परतणारी थकलेली बाई वाटेतल्या झाडाखाली टेकावी तसे ते छातीपासून ओठांपर्यंत येता येता कुठेतरी बसून राहत, आणि ते उठून यायच्या आत समोरचा माणूस निघून गेलेला असे. लहान असताना एकदा तो पाळीवर उभा होता आणि त्याचा बाप अडकलेले जाळे सोडवायला तलावात उतरला होता. बापाचा पाय पाणवेलींत गुंतला. पियुषने ते पाहिले. थोड्या अंतरावर सोमाजी डोंग्यात, लाकडी होडक्यात, पाठमोरा बसून खर्रा घोटत होता. पियुषने तोंड उघडले. हाक आली नाही.

प्रेत सोमाजीनेच काढले. ओल्या अंगाने पाळीवर चढून त्याने साऱ्या गावासमोर पोराला विचारले, "हाक काऊन नाई मारली बे? मुका हाय काय?"

तेच नाव झाले.

पुढे त्या खर्र्यानेच सोमाजीला खाल्ले. तंबाखू, सुपारी आणि चुन्याचा तो गोळा जन्मभर गालात धरलेला. त्याने आधी गाल कुरतडला, मग जीभ, मग गळा. नागपूरच्या डॉक्टरांनी माणूस परत दिला आणि आवाज ठेवून घेतला. आता सोमाजीचा श्वास गळ्याला पाडलेल्या भोकातून येत-जात असे आणि तोंड नुसते शोभेपुरते उरले होते. तो पाटीवर लिही आणि बायको, चंदाबाई, वाचून दाखवी. पण चंदाबाई गाळून वाची. पाटीवर 'जळू आला रक्त पियाले' असे असले की ती म्हणे, "धनराजभाऊ, बसा म्हन्ते." एका दुपारी सोमाजीने ती पाटी तिच्याच डोक्यात घातली.

तेव्हा कपाळाला हळद लावलेली चंदाबाई सावलीला आली. तिथे बसस्थानकाच्या वाटेवर राजदीपचे कॉम्प्युटरचे दुकान आहे. लग्नपत्रिका, तेरवीचे फलक, भरतीचे अर्ज अशी कामे तिथे होतात आणि ती सारी पियुष करतो. राजदीप मालकाच्या खुर्चीत बसून येणाऱ्या-जाणाऱ्याची फिरकी घेतो.

"बाबू," चंदाबाई पियुषला म्हणाली, "तुह्या पेटीत बोलनारी बाई राह्यते म्हन्तेत. ते आमच्या घरी नाई येऊ शकत काय?"

"सवत आनून राह्यली काय वो?" राजदीप म्हणाला.

"येऊ द्या, भाऊ. पाटी तिच्या डोक्यात बसन, माह्या त नाई."

पियुषने नकार द्यायला हवा होता, असे त्याला नंतर अनेकदा वाटले. पण त्या दिवशी त्याच्या मनात दया होती, आणि दयेच्या तळाशी आणखी एक गोष्ट होती, जिचे नाव त्याने स्वतःलाही विचारले नाही. ज्याने आपल्याला मुका केले तो मुका झाला होता. त्याच्या तोंडाची किल्ली आपल्या हातात येत होती. दुकानातला एक जुना लॅपटॉप त्याने उतरवला. लिहिलेले मोठ्याने वाचून दाखवणारा एक प्रोग्राम इंटरनेटवरून घेतला. तो विकत घ्यायचा तर सोमाजीच्या घरच्यांनी विचारही करू नये इतका महाग होता. पण त्याची ट्रायल फुकट मिळे. काही दिवस वापरा, आवडला तर घ्या, नाहीतर तो आपोआप बंद पडणार.

सोमाजी आला. एका बोटाने अक्षर शोधत त्याने बराच वेळ काहीतरी लिहिले. मग पियुषने दाखवलेले बटण दाबले, आणि बातम्या वाचणाऱ्या बाईसारखा गोड, शुद्ध, अत्यंत सुसंस्कृत आवाज दुकानात उमटला :

"धनराज जळू हाय. त्याचा बाप बी जळू होता."

दुकानात फॉर्म भरायला आलेली माणसे बाकावरून घसरायची राहिली. सोमाजीचे डोळे ओले झाले. त्याने पुन्हा बोट चालवले, आणि ती बाई तितक्याच गोडव्याने म्हणाली, "मुक्या, आवाज वाढव."

त्या महिन्यात सोमाजीने लॅपटॉप डोंग्यात, चहाच्या टपरीवर, अगदी मर्तिकाच्या घरीसुद्धा नेला. शिव्या त्याच्या आणि उच्चार त्या बाईचे, अशी ती जोडी गावाने चवीने ऐकली. मग एक दिवस ट्रायल संपली. बटण दाबले की आवाजाऐवजी चौकट उघडे : कृपया प्रोग्राम खरेदी करा. सोमाजी दुकानात येऊन लॅपटॉप पियुषसमोर ठेवून बसला. नुसता बसला. गळ्यावरच्या रुमालाची कड श्वासासरशी उडत होती.

ते पाहून पियुषला जे वाटले ते सुख नव्हते, ही गोष्ट त्याच्या बाजूने नोंदवायला हवी.

त्याने वाट शोधली. दुकानातल्या दुसऱ्या कॉम्प्युटरवर कुंडली मांडणाऱ्या एका प्रोग्रामची ट्रायल होती. लग्नसराईत राजदीप ती वापरी. तो प्रोग्राम भविष्य वाचून दाखवी, आणि त्याचा आवाज तोच होता, तीच बाई. पियुषने आत शिरून पाहिले तेव्हा उलगडा झाला. आवाज ना या प्रोग्रामच्या मालकीचा होता, ना त्या. तो एका वेगळ्या फाईलमध्ये होता आणि ती फाईल कॉम्प्युटरच्या सामायिक जागेत ठेवलेली होती, ज्याला लागेल त्याने वापरावी म्हणून. संस्थेचा डोंगा जसा काठाला बांधलेला असतो. तो कुणा एकाचा नसतो, जो येईल तो बसतो आणि पाणी ओलांडतो. पहिल्या ट्रायलचा माणूस उतरून गेला तरी डोंगा तिथेच होता. पियुषने कुंडलीचा प्रोग्राम सोमाजीच्या लॅपटॉपवर चढवला. भविष्याखाली शेरा लिहिण्याची एक चौकट होती. त्यात जे लिहावे ते बाई बोले.

"मुक्या," बाई पुन्हा बोलली, "तुह्या डोक्यात मेंदू हाय, तोंडात काऊन काही नाई?"

एवढ्यात तलावाचा विषय निघाला.

धनराजने बाहेरचा एक ठेकेदार आणला होता. तलाव पाच वर्षे त्याच्याकडे द्यायचा. त्याने आपले मत्स्यबीज सोडायचे, आपली माणसे लावायची, गावाला बसल्या जागी वाटा. त्या पाच वर्षांत गावातल्या कुणी पाण्यात पाय घालायचा नाही. बायांनी झिंगे धरायचे नाहीत, शिंगाडे तोडायचे नाहीत. सोमाजीचे घर आता चंदाबाईच्या झिंग्यांवरच चालत होते.

गावाची यासाठी जुनी रीत होती. तलाव बाहेरच्याला द्यायचा तर अध्यक्षाने पाण्यात उभे राहून सभासदांना तीनदा विचारायचे. एका सभासदाने जरी आपल्या तोंडाने 'नकार' म्हटले तरी विषय त्या वर्षापुरता बुडाला. हात वर केलेला चालत नसे, कागद चालत नसे, सभासदाऐवजी बायकोने बोललेले चालत नसे. पाण्याला ऐकू गेले पाहिजे, असे जुने लोक म्हणत. धनराज घरोघर फिरला होता; कुणाच्या पोराला त्याने नोकरीचा शब्द दिला होता, कुणाची जुनी भानगड त्याला ठाऊक होती. नकार देईल असा एकच सभासद गावात उरला होता, आणि त्याला गळा नव्हता. सभेसाठी हेच वर्ष धनराजने उगाच निवडलेले नव्हते.

पण लॅपटॉपची बाई होती. तिचे बोलणे धरायचे की नाही यावर टपरीवर वाद झाला, तेव्हा लटारूने निकाल दिला, "ज्याच्या बोटातून निंघाला त्याचा आवाज. बायको त्याच्या बोटानं चालते काय? पेटी चालते. धरा लागन."

धनराज हसला.

सभेच्या आदल्या दिवशी सोमाजी दुकानात आला. संपलेल्या पहिल्या ट्रायलची ती 'खरेदी करा'ची चौकट वेळीअवेळी उघडे आणि मध्येच सारे अडे. उद्या असे व्हायला नको, म्हणून तो जुना प्रोग्राम काढून टाक, एवढेच काम होते. राजदीप खर्रा आणायला टपरीवर गेला होता. पियुषसमोर पुनम बसली होती. ती भरतीच्या अर्जासाठी गेले काही दिवस येत असे आणि भरभर बोले. उत्तराची वाट न पाहता पुढचे वाक्य सुरू करी, आणि त्यामुळे तिच्याजवळ बसणे पियुषला सोपे जाई. त्या दिवशी मात्र ती थांबली होती. तिने विचारले होते, "तुमी कविता लिहिता म्हन्ते, खरं काय?" आणि उत्तराची वाट पाहत होती. पियुषच्या छातीतून एक शब्द उठून निघाला होता. अर्ध्या वाटेवर होता.

सोमाजीचे बोट चालले.

"पोरी," बाई गोड स्वरात म्हणाली, "याले काही विचारू नको. मी गळा कापून मुका झालो, हा फुकटात झाला."

पुनम हसली. हसण्यात वाईट काही नव्हते. कुणीही हसले असते. सोमाजीला रंग चढला. तो लिहीत राहिला आणि ती बाई तशीच, जणू उद्याच्या हवामानाचा अंदाज सांगावा, तशी सांगत गेली.

"याचा बाप बुडून राह्यला होता, आनि हा पाळीवर उभा होता. एक हाक नाई मारली. बापाले पाहत राह्यला. मी तिथीच होतो. एक हाक, पोरी. मी डोंगा घेऊन गेलो असतो."

पुनमचे हसू थांबले. तिने पियुषकडे पाहिले, मग टेबलाकडे, मग आपला अर्ज उचलून पिशवीत घातला. "उद्या येतो मी," ती म्हणाली. दारात तिला राजदीप भेटला, तिने त्याच्याकडेही पाहिले नाही.

वाटेवर निघालेला शब्द पियुषच्या छातीत परत येऊन बसला.

त्याने लॅपटॉप स्वतःकडे वळवला आणि जुना प्रोग्राम काढायला घेतला. अर्ध्यावर पडद्यावर एक प्रश्न उमटला. ही फाईल सामायिक जागेत आहे, असे तो प्रश्न सांगत होता. हिचा वापर आता दुसरा कुठलाही प्रोग्राम करीत असल्याचे दिसत नाही. ती काढून टाकायची का? खाली दोन बटणे होती, होय आणि नाही. कुंडलीचा प्रोग्राम गबाळ्या हातांनी बनवलेला होता. आपण या डोंग्यात बसलो आहोत हे त्याने कुठेच सांगून ठेवले नव्हते. पियुषला ते ठाऊक होते. सोमाजीच्या जगात तेवढी गोष्ट ठाऊक असलेला तो एकटा माणूस होता.

त्याने आधी त्या फाईलची प्रत पेनड्राइव्हवर घेतली. मग प्रश्न पुन्हा एकदा शांतपणे वाचला, आणि 'होय' दाबले.

"काय काढलं बे?" राजदीपने मागून, त्याच्या खांद्यावरून वाकून विचारले. तो केव्हापासून तिथे उभा होता कोण जाणे.

पियुषने पेनड्राइव्ह उपसून घेतला. तो शर्टाच्या खिशात टाकला, लॅपटॉप मिटून सोमाजीच्या हातात दिला आणि मान हलवली, झाले. सोमाजीने त्याच्या पाठीवर थाप मारली.

त्या वेळी पियुषच्या मनात होते ते असे. उद्या सोमाजी बटण दाबील आणि आवाज येणार नाही. पुन्हा दाबील. आख्ख्या गावासमोर त्याचे तोंड उघडे राहील आणि मग तो शोधील, कुणाला, तर मुक्याला. मग पियुष उठेल. सारे वळून पाहतील. तो सावकाश चालत जाईल, खिशातून पेनड्राइव्ह काढील आणि त्या माणसाला त्याचा आवाज परत देईल. कुणालाही काही सांगावे लागणार नाही. हे चित्र इतके सुंदर होते की घरी जेवताना त्याची आई, इंदुताई, म्हणाली, "आज हासून राह्यला तू. काय झालं?"

सभा दुसऱ्या दिवशी उन्हे कलताना भरली. पाळीखाली पुरुष बसले, पाळीवर बाया उभ्या राहिल्या. पाण्यावर वारा नव्हता. पियुष सर्वांत मागे, मोहाच्या झाडाला टेकून बसला. बाप गेल्यावर त्याच्या जागेवर तो सभासद झाला होता आणि त्याने आजवर एकाही सभेत तोंड उघडले नव्हते. पालथ्या घातलेल्या डोंग्यावर सोमाजीने लॅपटॉप ठेवला. चौकटीत त्याने सकाळीच लिहून ठेवले होते. मोठे भाषण नव्हते, आणि ते पाण्यासमोरच पहिल्यांदा वाजावे म्हणून कालपासून त्याने बटणाला हात लावला नव्हता. आज त्याने दाढी केली होती आणि गळ्याला नवा रुमाल बांधला होता.

धनराज धोतर सावरून घोटाभर पाण्यात गेला. ठेकेदार बाजूला मोटारसायकलला टेकून उभा होता.

"सभासदहो, तलाव देऊन राह्यलो. कोनाचा नकार?"

सोमाजीने बटण दाबले.

टिंग.

एवढाच आवाज आला. पडद्यावर छोटी चौकट उघडली : आवश्यक फाईल सापडत नाही. सोमाजीने ती मिटवली आणि पुन्हा दाबले.

टिंग.

"आगगाडी आली वाटते," कुणीतरी म्हणाले.

"बाई रुसली गा!" हे पुढे बसलेला डोमा म्हणाला. "सोमाजीभाऊ, साडी घेऊन द्या लागन तिले."

"चंदाबाईनंच हाकलून देल्ली असन."

टिंग. टिंग. टिंग. सोमाजीचे बोट थांबत नव्हते आणि प्रत्येक ठोक्याला हशा वाढत होता. नावे ठेवलेली सगळी घरे हसत होती. कितीतरी वर्षांचे ते हसू होते, साठवून ठेवलेले. काही माणसे तर डोळे पुसत होती. पियुषला वाटले होते की आपल्याला बरे वाटेल. त्याने छातीवर हात ठेवला. खिशात पेनड्राइव्ह होता, कोवळ्या शिंगाड्याएवढा, टोचणारा.

"दुसऱ्यांदा इचारतो," धनराज म्हणाला. "कोनाचा नकार?"

सोमाजीने मान वर केली आणि माणसांत शोधू लागला. त्याची नजर डोक्यांवरून फिरत मागे आली, मोहापाशी आली आणि थांबली. त्याच्या चेहऱ्यावर राग नव्हता. त्याने हाताने बोलावले. मग दोन्ही हातांनी बोलावले.

"मुक्याले बलावून राह्यला!"

"जा बे मुक्या, आवाज दे त्याले!"

सगळी तोंडे वळली. चित्रात होते तसेच सारे घडत होते. चित्रात फक्त या डोळ्यांचे वजन नव्हते. पियुषने जमिनीवर हात टेकला. गुडघे उचलले.

"उठला! उठला!" पोरेटोरे ओरडली. टाळ्या पडल्या. "मुका उठला, मुका बोलते आता!"

तो खाली बसला.

हशा इतका उसळला की काठचे बगळे उडाले. धनराजने हात वर करून लोकांना शांत केले. त्याला घाई नव्हती. "हासू नोका गा. तो बी सभासद हाय, बापाच्या जागेवर. पियुष, तुले काही म्हनाचं हाय काय, बाप्पा? तुह्यं बी धरू आमी."

आणि शांतता झाली. खरीखुरी, लोकांना गंमत पाहायची होती. पेनड्राइव्हची आता गरजही नव्हती. एक शब्द पुरेसा होता, आणि तो कुणाही सभासदाच्या तोंडचा चालणार होता. पियुषने तोंड उघडले. समोर तेच पाणी होते, तशाच पाणवेली, तसाच कलता प्रकाश, आणि पाण्याकाठी एक माणूस त्याच्याकडे पाहत होता. शब्द निघाला, बरगड्यांपाशी आला. पियुषला तो स्पष्ट जाणवत होता. आणि अगदी त्याच वेळी, शब्दाच्या वाटेवर, त्याला ती गोड बाई ऐकू आली. एक हाक, पोरी. बापाले पाहत राह्यला.

त्याने तोंड मिटले. शब्द अडकला की त्याने अडवला, हे त्याला तेव्हा सांगता आले नसते. पुढे ते कधीच सांगता आले नाही.

"तिसऱ्यांदा," धनराज म्हणाला.

सोमाजीने लॅपटॉप सोडला. तो धावत पाण्यात उतरला, गुडघ्यापर्यंत, मांडीपर्यंत, आणि तोंड आ करून, मान ताणून, सारे अंग पिळून ओरडला. त्याच्या गळ्यावरचा रुमाल उडाला. भोकातून हवेचा एक लांबलचक फुत्कार निघाला, सायकलच्या चाकातून निघावा तसा. तेवढाच. पाण्यावर तरंगही उठला नाही.

"नकार!" पाळीवरून चंदाबाई किंचाळली. "नकार म्हन्ते तो! आयकून नाई राह्यले काय? नकार हाय त्याचा!"

"बाईचं धरत नाई, चंदाबाई," धनराज समजुतीच्या सुरात म्हणाला. "रीत तुमाले मालूम हाय." मग तो लटारूकडे वळला. "लटारूभाऊ, पान्याले काही आयकू आलं काय?"

लटारूने पाण्याकडे पाहिले. "नाई आलं," तो म्हणाला.

ठराव झाल्याचा नारळ फुटला. सोमाजी तसाच मांडीभर पाण्यात उभा होता आणि त्याचे तोंड अजून उघडेच होते.

ठेकेदाराने पाळीवर काटेरी तार ओढली आणि फलक लावला. तो फलक राजदीपच्या दुकानात, पियुषच्याच हाताने तयार झाला. ज्या पाण्यात चंदाबाई झिंगे धरी त्याच पाण्यातली मासळी ती आता ठेकेदाराच्या माणसांसाठी रोजीने निवडते. निवडताना एखादा झिंगा ओच्यात घातला तर झडती घेतात. सोमाजी रस्त्याने निघाला की शाळेतून सुटलेली पोरे आडोशाला उभी राहून ओरडतात, "टिंग!" त्यासाठी कुणाला शिकवावे लागले नाही. ज्याने साऱ्या गावाला नावे दिली त्याला शेवटी एक नाव मिळाले, आणि ते चिवट निघाले. पुनम पुन्हा दुकानात आली नाही. तिचा अर्ज दुसऱ्या दुकानातून गेला, असे राजदीपने एकदा सहज सांगितले.

सोमाजी दुकानात आला तो पुष्कळ दिवसांनी. लॅपटॉप त्याने लुगड्याच्या जुन्या तुकड्यात गुंडाळला होता. तो त्याने टेबलावर ठेवला, समोर बसला आणि हात जोडले. पियुषने उलट नमस्कार केला नाही. त्याचे हात कीबोर्डवर होते आणि तिथून हलले नाहीत. राजदीप खुर्चीत रेलून पाहत होता.

काम सोपे होते. पियुषने शर्टाच्या खिशातून पेनड्राइव्ह काढला, लावला, आणि फाईल होती तिथे परत ठेवली. सभेत लागला असता त्याहून जास्त वेळ लागला नाही. मग लॅपटॉप वळवून सोमाजीपुढे सरकवला.

सोमाजीने लिहायला घेतले. या खेपेला त्याने बराच वेळ घेतला. मध्येच काही पुसले, पुन्हा लिहिले. पियुष मान खाली घालून वाट पाहत होता. येणारी शिवी कुठली असेल याचा तो अंदाज बांधत होता, आणि जी येईल ती त्याला हवी होती. उन्हात चालून आलेल्या माणसाला पाणी हवे असते तशी हवी होती.

सोमाजीने बटण दाबले.

"पियुष," बाई म्हणाली.

त्याने दचकून वर पाहिले. या माणसाकडून हे नाव त्याने कधी ऐकले नव्हते.

"पियुष," तो गोड, शुद्ध आवाज पुढे बोलत गेला, "मशीनचा भरवसा नाई. तुह्या हातात काही नव्हतं. पन मी बलावलं तवा तू उठला होता. मी पाह्यलं. गावात उठनारा तू एकटाच निंघाला. आजपासून मी तुले मुका म्हननार नाई. दुसऱ्या कोनी म्हटलं त मले सांग."

एवढे बोलून झाल्यावर सोमाजीने लॅपटॉप मिटला आणि पुन्हा त्या लुगड्याच्या तुकड्यात नीट, चारी टोके दुमडून, बांधला. कुंडलीची ट्रायलही आता संपत आली होती. ती संपली की तिसरी कुठली शोधून दे, असे त्याने बोटांनी खुणावले. पियुषने मान हलवली. जाताना सोमाजीने त्याच्या डोक्यावर हात ठेवला. हाताला मासळीचा वास येत नव्हता. मग पायऱ्या उतरून तो उन्हात गेला, आणि रस्त्यापलीकडून कुणीतरी त्याला त्याच्या नव्या नावाने हाक मारली.

पेनड्राइव्ह अजून टेबलावरच पडला होता. राजदीप खुर्चीतून उठला, त्याने तो उचलला, बोटांत धरून उलटसुलट पाहिला.

"बाई खिशातच होती काय बे?" त्याने विचारले. "त्या दिवशी बी?"

पियुषने टेबलावरचा पुढचा अर्ज ओढून घेतला.

राजदीपने पेनड्राइव्ह अलगद त्याच्या शर्टाच्या खिशात परत टाकला, त्यावर एक टिचकी मारली, आणि अगदी हळू, त्याच्या कानाशी वाकून म्हणाला,

"टिंग."